देवीच्या झऱ्यातला अर्ज

लोलियाचे पुढचे दोन दात पडले. पण ते पडलेच नाहीत असं आपण धरून चालू, कारण शेजारची सेवेरा सकाळपासून तेच करत होती.

झालं असं, की सेवेराची लोकरीची शाल नाहीशी झाली. शालीसाठी रोमचे न्यायाधीश काही उठून येत नसत. म्हणून तिनं चारचौघींसारखा शिशाच्या पत्र्यावर खिळ्यानं शाप कोरला, 'चोरट्या लोलियाचे दात पडोत', आणि पत्रा देवीच्या झऱ्यात टाकला. पुरावा एवढाच, की लोलिया त्या शालीकडे फार बघायची.

आज शाल सापडली. धोब्याच्या हौदात, त्या काळी कपडे पांढरे करायला वापरत त्या मुतात मजेत भिजत होती. सेवेरानंच धुवायला टाकली होती.

तेवढ्यात लोलिया दारात. "कुडकुडतेस काय अशी? घे, माझी शाल पांघर," ती बोळक्या तोंडानं म्हणाली. "आणि हा कोरा पत्रा धर. कुणा सटवीनं मला शाप दिलाय. मला मेलीला लिहिता येत नाही. तिला चांगला सणसणीत उलटा शाप लिहून दे."

उबदार शालीत सेवेराला घाम फुटला. खाली मान घालून तिनं कोरलं:

'माते, मागील अर्ज गैरसमजुतीने केला असल्याने रद्द समजावा. कारवाई झाली असल्यास सर्व पूर्ववत करावे आणि अर्जदाराचे नाव सदर शेजारणीस कळू देऊ नये, ही नम्र विनंती.'