चार ओळींची चव

उकळीचं हिरवंगार पाणी अश्विनीने मोरीत ओतलं आणि पानं मुठीत धरून घट्ट पिळली. दोन गोळे झाले. एक शेताच्या पूर्वेकडच्या चार ओळींतला, दुसरा बाकीच्या ओळींतला. पहिला ज्या वाटीत जाणार होता, तिच्या बुडाला तिने हळदीचं बोट लावलं.

झुंबरबाई चुलीपुढे भाकरी थापत होत्या. सुनेचा उद्योग त्या मघापासून बघत होत्या.

"धुतली, उकडली, पिळली. मंग त्या भाजीत राह्यलं काय?"

"तेच पाहायचंय, आई."

इटलीतली एक म्हातारी मोबाइलवर ही भाजी करायची. अश्विनीने ती चार वेळा पाहिली होती. कडू पाला आधी उकडायचा, पिळायचा, मग भरपूर तेलात लसूण आणि सुकी मिरची टाकून परतायचा. वरून लिंबू. ऑलिव्हचं तेल देऊळगाव राजाच्या मेडिकलमध्ये होतं, पण ती लहान लेकरांच्या मालिशची बाटली. "भाजीले आंघोळ घालतं का?" असं झुंबरबाई म्हणाल्या, म्हणून अश्विनीने करडईचं तेल घेतलं.

भाजी होती चिकोरी. तिचे सासरे पुंजाजी दरवर्षी कंपनीसाठी बियाणं पिकवायचे. काकडीचं, मिरचीचं, टमाट्याचं. ही परदेशी पालेभाजी मात्र यंदा पहिल्यांदाच आली होती. अर्धा एकर, चाळीस ओळी. हिचं बी काढायचं एवढंच सगळ्यांना ठाऊक होतं. पानाची भाजी कोणी करून पाहिली नव्हती.

अश्विनी नांदुऱ्याची, बी.एस्सी. झालेली. पूर्वेच्या चार ओळी वेगळ्याच जातीच्या आहेत, असं तिला आठवड्यापासून वाटत होतं. पानांचा रंग किंचित फिका, कडेचे दाते किंचित बोथट. झाडांना दांडे आले होते. चार दिवसांत फुलं उमलली असती, आणि मधमाशी काही ओळी मोजून बसत नाही. चार ओळींचा पराग चाळीस ओळींवर गेला की सगळं बियाणं बाद. उपटायचं तर आताच. आणि तिचा अंदाज चुकला, तर चार ओळी फुकट जाणार होत्या. या घरात पुन्हा शेताबद्दल बोलायची सोयही उरणार नव्हती.

कंपनीच्या माणसाला तिने फोटो पाठवले. फोटोत सगळं सारखंच दिसतं, असं तो म्हणाला. पुंजाजींनी तर विषयच मिटवला होता. "तिकडून पाट फुटते. पाण्याचा फरक आहे तो. उभं झाड अंदाजानं उपटत नसतात, बाई."

डोळ्यांना पटत नसेल तर जिभेला विचारावं, असं अश्विनीने ठरवलं.

जेवायला बसल्यावर तिने दोन्ही वाट्या मधोमध ठेवल्या. तिच्या नवऱ्याने, गोकुळने, दोन्हींतलं एकेक बोट चाटलं आणि तोंड वाकडं केलं. "दोन्ही एकच. कडूलिंबाच्या पाल्याले लसणाची फोडणी."

झुंबरबाईंनी मात्र सावकाश चावलं. "नाही रे. हे कडू लागते आन् निघून जाते. ते दुसरं घशातच बसते."

अश्विनीने त्यांना डोळे मिटायला लावले. गोकुळने वाट्या फिरवल्या. तीन वेळा विचारलं. झुंबरबाईंनी दोनदा बरोबर सांगितलं, एकदा चुकवलं.

तीनातून दोन. नाणं उडवूनही एवढं येतं. अश्विनीने दोन्ही वाट्या पुंजाजींपुढे सरकवल्या.

"मामाजी, तुम्ही एकदा चाखा," ती शेवटी म्हणाली.

पुंजाजींनी वाट्या हाताने दूर सारल्या. "बियाण्याच्या पिकाले तोंड लावत नसतात. जोवर कंपनीले बी जात नाही, तोवर ते आपलं नाही."

"बाबा, पाला आहे तो," गोकुळ म्हणाला. "परवा बैलानं नाही का दोन झाडं ओरबाडली?"

"बैलाले कागदावर सही करा लागत नाही."

झुंबरबाई हसल्या. अश्विनीला हसू आलं नाही. "तुम्ही चाखून सांगितलं की दोन्ही सारख्याच, तर मी त्या ओळींचं नाव काढणार नाही," ती म्हणाली. "कधीच."

पुंजाजींनी तिच्याकडे पाहिलं. मग हात धोतराला पुसला. "फिरव रे, गोकुळ."

त्यांनी पाठ वळवली. वाट्या फिरल्या. पुंजाजी परत वळले, एका वाटीतलं घेतलं, डोळे मिटून चावलं, पाण्याची चूळ भरली. दुसऱ्या वाटीतलं घेतलं. पुन्हा पहिल्यातलं. कोणी भाकरी मोडत नव्हतं.

त्यांनी एक वाटी पुढे सरकवली. "ह्या तुह्या चार ओळी."

गोकुळने वाटी उचलून बूड पाहिलं. हळद होती.

अश्विनीला आनंद व्हायला हवा होता. पण दोन वाट्यांतून एक, हे नशीबही असू शकतं. तिने तसं म्हणायला तोंड उघडलं, तोच पुंजाजी बोलले.

"सकाळी उपटून टाकू. आन् पाचवी ओळ राह्यली तुही. तिच्यातली मधली सात-आठ झाडं हीच आहेत."

"मामाजी, पाचव्या ओळीतलं पान मी तोडलंच नाही."

पुंजाजींनी भाकरीचा तुकडा मोडला.

"पंधरा दिवस झाले, रोज सकाळी झाडाझाडाचं कच्चं पान चावून पाहून राह्यलो," ते म्हणाले. "तिसऱ्या पानाले जीभच मरते, बाई, खात्री होत नव्हती. उकडाचं मले सुचलंच नाही."