अर्धा शार्क

मिलहेमने समोरच्या कॉफीला हात लावला नाही. म्हणजे तो भेटायला नव्हे, भांडायला आला होता. मागणी मान्य होईपर्यंत कॉफी प्यायची नाही, हे त्या डोंगरात लहान पोरालाही कळतं.

"वहिनी, कुणीही उठेल आणि तुम्हाला आई म्हणेल," तो म्हणाला. "या माणसाचं नाक तरी आपल्या घराण्याचं आहे का?"

"व्हेनेझुएलातलं ऊन फार वाईट, काका," पाहुणा म्हणाला. "नाकसुद्धा वितळतं."

मुख्तार असाद हसला आणि मिलहेमने डोळे वटारताच खोकला. मुख्तार म्हणून गावाचा कारभार त्याच्याकडे होता आणि सगळं त्याच्या शिक्क्यावर अडलं होतं.

मिलहेमची वहिनी उम्म फारेस, म्हणजे फारेसची आई. तिचा नवरा गेल्या हिवाळ्यात वारला. घरामागचा डोंगर त्याचा. आता तो मुलाकडे जाणार, मुलगा नसेल तर धाकट्या भावाकडे, म्हणजे मिलहेमकडे. मिलहेमने तो आधीच एका खडीवाल्याला कबूल करून टाकला होता. युद्ध संपलं होतं, खाली बैरुत नव्याने बांधलं जात होतं आणि खडी मिळेल तेवढी कमीच पडत होती. कधीकाळच्या समुद्रातले, दगड झालेले मासे त्या डोंगराच्या पापुद्र्यापापुद्र्यांत होते. ते सगळे आता रस्त्याखाली जाणार होते. भावजयीला मिलहेमने स्वतःच्या घरातली मागची खोली देऊ केली होती. त्या खोलीत मी माझी कोंबडीही ठेवणार नाही, असं तिने त्याला तोंडावर सांगितलं होतं.

मुलगा फारेस युद्धाच्या सुरुवातीलाच, मिसरूडही फुटलं नव्हतं तेव्हा, मिळेल त्या बोटीने काराकासला गेला. काही वर्षं खुशाली कळायची, मग तीही बंद झाली. आणि आता हा टक्कल पडलेला, पोट सुटलेला माणूस खाली किनाऱ्यावरच्या जुबैलहून टॅक्सीने आला होता. त्याची पेटी इतकी जड होती की उतरवताना टॅक्सीवाल्याने त्याच्या सात पिढ्यांचा उद्धार केला.

"काका, तुम्ही द्राक्षांच्या मळ्यात गाढवावरून पडलात, तेव्हा मी अंजिराच्या झाडावर होतो," पाहुणा म्हणाला. "तुम्ही मला बघितलं आणि म्हणालात, कुणाला सांगशील तर कान उपटीन."

"मी कधीही गाढवावरून पडलेलो नाही."

"पडलास की," मुख्तार म्हणाला. "मीच उचललं तुला. गाढवाला तर काही लागलंही नव्हतं."

मिलहेमचे कान लाल झाले. "गप्पा पुरे. दगड दाखव."

हा त्या गावचा रिवाज होता. घरातलं कुणी परदेशी निघालं की डोंगरातून एक शिळा काढायची आणि कडेने छिन्नी लावून ती उकलायची. आत मासा निघाला तर तो दोन्ही अंगांना उमटलेला असतो. एक अंग जाणाऱ्याने न्यायचं, दुसरं आईने कापडात गुंडाळून ठेवायचं आणि कुणाला दाखवायचं नाही. माणसाचा चेहरा बदलतो, आवाज बदलतो. दगड मात्र आपल्या जोडीलाच बसतो, यावर गावाचा देवाइतका विश्वास.

पाहुण्याने पेटीतून शिळा काढली. उम्म फारेसने आतल्या खोलीतून आपली आणली. शिळा जड होती. मुख्तार पुढे झाला, पण तिने त्याला हात लावू दिला नाही. स्वतःच टेबलावर ठेवली.

हातभर लांबीचा शार्क होता. शार्कला हाड नसतं, म्हणून दगडात त्याची नुसती काळपट सावली उरली होती. शेजारी काट्यांचा एक मासा, त्याचा मात्र काटा न् काटा दिसत होता.

"मासा कोरलेला असणार," मिलहेम म्हणाला.

"मग बघ ना. शेपट्या चिकटवण्यातलं गावात तुझ्याइतकं कुणाला कळतं?" मुख्तार म्हणाला. मिलहेमने प्रवाशांना विकलेले निम्मे मासे त्याच्या स्वतःच्या छिन्नीतून जन्मले होते, हे सगळ्यांना ठाऊक होतं.

मिलहेमने ओला स्पंज फिरवला. रंग सुटला नाही. नखाने कड खरवडली. डिंक नाही, चुना नाही. दगड जुन्या दगडासारखा पिवळट पडला होता. मग त्याने स्वतः एक शिळा उचलून दुसरीवर ठेवली. ती अशी बसली की मधे केस शिरला नसता.

तो बराच वेळ वाकून बघत राहिला. खोटा मासा त्याने शंभर पावलांवरून ओळखला असता. हा मासा खरा होता.

"तुमचाच आहे, वहिनी," तो शेवटी म्हणाला आणि गार झालेली कॉफी एका घोटात प्यायला.

मुख्तारने शिक्का मारला. दोघांनी पाहुण्याच्या गालांची चुंबनं घेतली. मिलहेमने जरा घाईघाईने घेतली. उम्म फारेस रडत होती आणि तिला कुणी थांबवलं नाही.

त्या दोघांची पावलं उतारावरून खाली गेल्यावर तिने दाराला कडी घातली, डोळे पुसले आणि वळली.

"गाढवाचं शेवटी, अगदीच अडलं तर सांगायचं, असं ठरलं होतं ना आपलं?"

"घाबरलो हो, बाई," पाहुणा म्हणाला. "त्याने नख लावलं तेव्हा वाटलं, संपलं. एवढी जुनी शिळा तुम्हाला मिळाली कुठे?"

"या वसंतात फोडली मी, एकटीने. आणि चहात भिजत घातली." तिने टेबलावरच्या शिळा पुन्हा वेगळ्या केल्या. "खऱ्या शिळेचं त्याचं अंग काराकासला आहे, माझ्या फारेसच्या थडग्यात, त्याच्या उशाशी."