लुगड्याचा रंग

महाळुंग्याच्या गेनबा आणि भागूबाईंनी लग्नाच्या वर्षी यात्रेतल्या तंबूत एक कृष्णधवल सिनेमा पाहिला होता. त्यात नायिका घाटावर नवऱ्याची वाट बघत उभी असते आणि वाऱ्यावर तिचा पदर उडतो. त्या एका प्रसंगावरून दोघं पन्नास वर्षं भांडत आली होती. गेनबा म्हणायचे, लुगडं पोपटी होतं. भागूबाई म्हणायच्या, डाळिंबी. एकदा तर त्या यावरून चार दिवस माहेरी जाऊन बसल्या होत्या.

त्यांची नात तनुजा तळवड्याला आयटी कंपनीत आहे. हा वाद कायमचा मिटवायचा म्हणून तिने कंप्युटरकडून अख्खा सिनेमा रंगवून घेतला आणि रविवारी दोघांना टीव्हीसमोर बसवलं.

घाट आला, वारा सुटला, पदर उडाला. लुगडं निळं होतं.

"निळं न्हाई," गेनबा म्हणाले.

"न्हाईच मुळी," भागूबाई म्हणाल्या. या विषयावर दोघांचं पहिल्यांदाच एकमत झालं होतं.

"अहो आजोबा, कंप्युटरने हजारो साड्या बघून ठरवलाय तो रंग."

"त्यानं ह्यो पिक्चर तंबूत बघितलाय का?"

तनुजाने रिमोट उचलला. "मग आता काय करू, आजी?"

 

भागूबाई म्हणाल्या, "ह्यो बंद कर, आन् आमचा तो जुना रंगीत लाव."