उसाच्या मळ्यातलं मोडी पत्र

“मराठी माणूस जगात कुठेही जावो, संस्कृती सोडत नाही!” कॅरिबियन बेटावरच्या वनस्पती उद्यानात आमच्या ग्रुपमधल्या घैसास सरांनी जाहीर केलं आणि पूजेसाठी जास्वंदीची फुलं तोडायला घेतली. चौथ्या फुलाला रखवालदाराने शिट्टी फुंकली.

अर्ध्या दिवसाच्या सहलीत पुढे उसाच्या मळ्यातलं जुनं घर होतं. ते दाखवणाऱ्या सत्तरीच्या मार्थाबाईंनी, आम्ही मराठी आहोत हे ऐकताच, भिंतीवरची चौकट उतरवली. आत, मजूर म्हणून आलेल्या त्यांच्या पणजोबांना गावाहून आलेलं मोडीतलं पत्र होतं. ते वाचणारं माणूस त्यांना जन्मात भेटलं नव्हतं. पुढच्या महिन्यात त्या त्याच गावी निघाल्या होत्या, नातेवाईक शोधायला.

सरांना मोडी येत होती. त्यांनी खणखणीत आवाजात वाचलं, मग शब्द न् शब्द इंग्रजीत समजावलाही: “तू समुद्र ओलांडलास, सबब आम्ही तुझे श्राद्ध घातले. तू वा तुझ्या वंशातले कोणी आमच्या दारी उभे राहू नये.”

आम्ही टाळ्या वाजवल्या. एक अक्षर अडलं नव्हतं!

मार्थाबाई चौकट छातीशी धरून खाली बसल्या.

“मॅडम,” सरांच्या सौ. म्हणाल्या, “जरा पलीकडे बसता का? ग्रुप फोटोत मध्ये येताय.”