कड्यावरची मागणी

गाइडने सहलीच्या बसमध्ये माइक तोंडाशी धरला, "नमस्कार मंडळी" म्हणाला, आणि मधल्या रांगेत खिडकीपाशी त्याला स्वतःची बायको बसलेली दिसली. तो सकाळी घरातून निघाला तेव्हा ती कपड्यांच्या घड्या घालत होती. आता तिच्या गळ्यात बाकीच्या प्रवाशांसारखाच पिवळा बिल्ला होता. त्याने घसा साफ केला आणि उद्यानात कचरा टाकला तर काय दंड होतो ते सांगायला घेतलं. हे त्याला झोपेतही सांगता येत असे, म्हणून निभावलं.

हा माणूस घरी बोलत नसे. भांडण वगैरे काही नाही. दिवसभर डोंगर, झाडं आणि अस्वलं यांच्यावर बोलून संध्याकाळी त्याच्याजवळ काही शिल्लकच राहत नसे, आणि "मीठ दे" एवढ्या भांडवलावर वीसेक वर्षं संसार चालला होता. बायकोने तक्रार करणं कधीच सोडून दिलं होतं. तिचं कपडे लहान-मोठे करून देण्याचं दुकान होतं, तिथे गिऱ्हाइकं भरपूर बोलत. गेल्या आठवड्यात त्यातल्याच एकाने पॅन्ट आखूड करायला टाकली आणि सहज सांगितलं, की तुमचे मिस्टर गाइड आहेत ना, त्यांनी तुम्हाला त्या कड्यावर मागणी कशी घातली ते सहलीत ऐकून आमची ही ढसाढसा रडली.

बायकोने तोंडातल्या टाचण्या काढल्या आणि मान डोलावली. तो कडा तिने जन्मात पाहिला नव्हता.

त्या दिवसापासून तिचं शिवणात लक्ष लागेना. कड्यावर दुसरी कोणी होती का? असली तर कोण? आणि नसली, तर हा बाबा रोज परक्या लोकांना असलं काय सांगत सुटतो? घरी विचारलं असतं तर "अगं, काहीतरीच" म्हणून त्याने पेपर उघडला असता. म्हणून तिने दुकान बंद ठेवलं आणि तिकीट काढलं. कंपनीतल्या माणसांच्या घरच्यांना सवलत होती. तिने ती मागितली नाही.

घाटात गाइड उजवीकडे बघा म्हणाला आणि हात डावीकडे केला. बायकोच्या शेजारच्या आजी या सहलीला दुसऱ्यांदा आल्या होत्या. मागच्या खेपेला कानाचं मशीन घरी राहिलं, त्यामुळे कड्यावर सगळे डोळे पुसत असताना त्या नुसत्या बघत उभ्या होत्या; मागणीचं त्यांना नंतर दुसऱ्यांकडून कळलं. आज मशीन आठवणीने लावलंय, असं त्यांनी अख्ख्या बसला ऐकू जाईल इतक्या मोठ्याने सांगितलं. वर त्या म्हणाल्या, की या गाइडची बायको भाग्याची हो.

"असेल," बायको म्हणाली.

कड्यावर वारा होता, कठडा होता आणि समोर दरीपलीकडे शिखरं होती. गाइडने शिखरांची उंची सांगितली, खडकाचं वय सांगितलं, स्वच्छतागृह कुठे आहे ते सांगितलं आणि चला, निघू या म्हणाला. ड्रायव्हरने बस सुरू केली. आजी जागच्या हलल्या नाहीत. मागणीचं काय झालं, असं त्यांनी विचारलं. उशीर होतोय, असं गाइडने पुटपुटून पाहिलं. पण त्या गोष्टीबद्दल बाकीच्यांच्याही कानावर आलेलं होतं, आणि ते सगळे आजींच्या बाजूला जाऊन उभे राहिले.

मग बायकोने हात वर केला. प्रश्न असेल तर हात वर करा, असं त्यानेच बसमध्ये सांगितलं होतं.

"बोला, ता..." तो म्हणाला आणि अडकला. सहलीला आलेल्या सगळ्या बायकांना तो ताई म्हणत असे.

"तुम्ही खरंच इथे कोणाला मागणी घातली होती का?"

हसण्यावारी नेता आलं असतं. असल्या वेळी कामाला येणारे दहा विनोद त्याच्याकडे तयार असत. त्यातला एकही वर आला नाही.

"नाही," तो म्हणाला. "मागणी माझ्या मामांनी घातली. तिच्या वडिलांना. वडील हो म्हणाले. मी तेव्हा बाहेर स्कूटरपाशी उभा होतो."

मंडळींचे चेहरे पडले. आजींनी मशीनचा आवाज वाढवला.

"मग गोष्टीतली बाई कोण?" बायकोने विचारलं.

"तीच. दुसरी कोण असणार?" त्याने माइक खाली घेतला, तरी ऐकू येत होतं. "इथे उभा राहिलो की वाटायचं, आपण स्वतः विचारायला हवं होतं. घरी गेलं की जमत नाही. इथे निदान बोलायचा पगार मिळतो."

"आणि वडील हो म्हणाले, तेव्हा ती काय म्हणाली?"

गाइडने बराच वेळ आठवून पाहिलं.

"तिला कोणी विचारलंच नाही," तो म्हणाला.

दुसरी कोणी नव्हती. बायकोला बरं वाटलं, आणि बरं वाटल्याबरोबर भयंकर राग आला. इतकी वर्षं जे ऐकून परक्या बायका रडत होत्या, ते तिच्या वाट्याला एकदाही आलं नव्हतं.

"मग आता विचारा," ती म्हणाली.

गाइडने टोपी काढली. ती कुठे ठेवावी ते न कळून पुन्हा घातली.

"माझ्याशी लग्न करशील?"

'करशील' ऐकल्यावर मंडळींच्या डोक्यात प्रकाश पडला. आजी अगंबाई म्हणाल्या. गोष्टीत या ठिकाणी ती लगेच हो म्हणायची आणि टाळ्या पडायच्या, त्यामुळे काहींनी हात आधीच वर घेतले होते.

"विचार करून सांगते," बायको म्हणाली, आणि दरीकडे तोंड करून बाकावर जाऊन बसली.

गाइडने ड्रायव्हरला इंजिन बंद करायला सांगितलं.