तिसरी ताटली

पडद्यावर बकरी आली आणि अध्यक्ष खो-खो हसले.

ग्लाफिरा मात्वेयेव्हनाच्या तोंडचं पाणी पळालं. मुलांचे चित्रपट काढता काढता मॉस्कोच्या या स्टुडिओतच तिचे केस पिकले होते. ही बकरी तिनं हसण्यासाठी घातली नव्हती, कापली जाण्यासाठी घातली होती. पायोनियरांच्या, म्हणजे पक्षाच्या बालसंघटनेतल्या शाळकरी मुलांच्या, संचलनात घुसून ती लाल पताका चघळते. चित्रपट तपासणाऱ्या मंडळानं ते बघावं, भडकावं, बकरी काढायला लावावी आणि काहीतरी कापल्याच्या समाधानात जेवायला जावं. एका चित्रपटात पोस्टमन तळ्यात पडला होता, दुसऱ्यात मुख्याध्यापिकेचा टोप उडाला होता. ते मंडळाच्या पोटात गेले आणि तिला जे वाचवायचं होतं ते वाचलं. मागचा चित्रपट मात्र बंदी येऊन अख्खाच कपाटात गेला. आता हाही गेला, तर तिला फुलं देऊन घरी बसवणार होते.

"काय बेरकी जनावर आहे!" मंडळाचे नवे अध्यक्ष इग्नात साव्हिच डोळे पुसत म्हणाले. पन्नाशीही न गाठलेला माणूस. "पताका खातंय, बघा तरी!"

"मेलो आपण," शेजारी बसलेली संकलक रोझा पुटपुटली.

दिवे लागले. बकरी सुटली होती, आणि काहीच न कापता चित्रपट पुढे पाठवायची तर रीत नव्हती. वरचे विचारतील, तुम्ही काय झोपा काढत होता? मंडळातल्या बुरमिस्त्रोव्हाबाईंनी लेखणी उघडली. टिपणं त्याच घेत.

"ती तिसरी ताटली कशाला हो? पोरगा रोज बापाची ताटली मांडतो. आई म्हणते, बाबा दौऱ्यावर गेलेत. चित्रपट संपला, तरी दौरा काही संपत नाही. कसला हा दौरा?"

चित्रपट दुसऱ्या महायुद्धाआधीच्या, चाळीस वर्षांपूर्वीच्या मॉस्कोचा होता. तेव्हा रात्री गुप्त पोलिसांची मोटार येऊन ज्यांना घेऊन जाई, त्यांच्या मुलांना घरोघरी हेच सांगत. हे माहीत असलेलं चालत होतं, बोललेलं नाही.

"तो भूगर्भशास्त्रज्ञ आहे," ग्लाफिरा म्हणाली. "सैबेरियात असतो."

सैबेरिया म्हटल्यावर तिनं जीभ चावली; पकडलेल्यांना तिकडेच धाडत. मागून कुणीतरी फिसकन हसलं.

"ताटली काढा, म्हणजे प्रश्नच मिटला," बुरमिस्त्रोव्हाबाई म्हणाल्या.

"मग माझं नावही काढा." ती घाबरली होती, आणि आवाजात ते लपलं नाही. "त्या ताटलीसाठीच केलाय मी हा चित्रपट."

अध्यक्षांनी तो प्रसंग पुन्हा लावायला सांगितला. अंधार झाला. पडद्यावर पोरानं दोन ताटल्या मांडल्या, मग तिसरी, तिच्याशेजारी चमचा. आईनं सूप दोनच ताटल्यांत वाढलं. इग्नात साव्हिच पुढे झुकून बघत होते. यावेळी ते हसले नाहीत, आणि दिवे लागले तरी पडद्याकडेच बघत राहिले. त्यांनी सिगारेट ओठांत धरली. काडी दोनदा विझली.

"लिहा," ते म्हणाले. "बकरी काढावी. पताकेचा अपमान होतो."

"अहो, पण आत्ताच तुम्हाला आवडली ना?" बुरमिस्त्रोव्हाबाई म्हणाल्या.

"आवडली. तरी काढावी. बाकी चित्रपट मंजूर."

रोझानं ग्लाफिराचा हात इतका घट्ट धरला की अंगठी रुतली. अध्यक्ष उठले, कोट घेतला आणि तिच्या खुर्चीपाशी थांबले.

"तुमची एक चूक झालीय, ग्लाफिरा मात्वेयेव्हना. तेवढं पुन्हा चित्रित करा. ताटली अशी उताणी नाही ठेवत. पालथी ठेवतात. नाहीतर धूळ बसते."

बुरमिस्त्रोव्हाबाईंची लेखणी कागदावर टेकली.

"हे लिहू नका," अध्यक्ष म्हणाले.