आजींच्या लग्नाची गोष्ट

ड्रायव्हर पिसेतने दिवसभर गाडीतून देवळं दाखवून चान्थू आजींना शेवटी बेंग मेलियाच्या पडक्या देवळात आणलं. दमलेल्या आजी दगडावर टेकल्या. तो पाणी घेऊन आला, तर त्यांच्या हाताशेजारच्या वेलीत हिरवा विषारी साप! पिसेत जागीच थांबला. असल्याच सापाने त्याच्या काकाला नेलं होतं. "आजी, हलू नका. तुमच्या लग्नाची गोष्ट सांगा ना." आजी सांगू लागल्या: नवरदेव चिखलात घसरला, फळांची तबकं सांडली, सासू किंचाळली. साप आजींच्या मनगटावर चढला. आजींचा आवाज मात्र कापला नाही. अखेर साप दगडाच्या फटीत शिरला आणि पिसेत मटकन बसला. "साप होता हो, आजी!" "तुझ्याआधीच पाहिला मी. तू ओरडशील म्हणून तर रंगवून सांगत बसले," आजी म्हणाल्या. "माझं लग्न झालंच कुठे रे?"